एकोणिसावा

आमचं दुधनी म्हणजे अक्कलकोट तालुक्याचं शेवटचं टोक. सोलापूरहून गाडी पुढे गुलबर्ग्याकडे (म्हणजे आताच्या कलबुर्गीकडे) निघाली की महाराष्ट्र संपता संपता हे स्टेशन लागतं. बाजारात अर्धं वाक्य मराठीत, उरलेलं कन्नडमध्ये. सिद्धप्पा, मल्लप्पा ही नावं आमच्याकडे गल्लोगल्ली. त्यामुळे जुन्या ऑलिंपिकची यादी चाळताना 'फडेप्पा चौगुले' दिसलं आणि मी थबकलोच. अरे, हा तर आपल्याच मुलखातला वाटतो!

फडेप्पा दरेप्पा चौगुले बेळगावचे. बेळगाव तेव्हा मुंबई इलाख्यात होतं. त्यांची गोष्ट मात्र सुरू होते पुण्यात.

१९१९ साली डेक्कन जिमखान्याच्या स्पर्धा झाल्या. अध्यक्ष होते सर दोराबजी टाटा. त्यांनी पाहिलं, की धावणारी बरीचशी मंडळी साधी शेतकरी. पायात काही नाही, नियमांची फारशी माहिती नाही. पण एक-दोघांच्या वेळा बघितल्या तर युरोपातल्या धावपटूंच्या जवळपास! झालं, दोराबजींनी मनावर घेतलं. मुंबईचे गव्हर्नर जॉर्ज लॉइड यांच्याकडे शब्द टाकला, पैसे जमवले, खिशातलेही घातले आणि १९२० च्या अँटवर्प ऑलिंपिकला सहा जण पाठवले. चार धावपटू, दोन पैलवान.

मॅरेथॉनला चौगुले आणि सदाशिव दातार उतरले. दातारांना शर्यत पुरी करता आली नाही. चौगुले एकोणिसावे आले. वेळ २ तास ५० मिनिटं ४५ सेकंद. पहिला आलेला फिनलंडचा हानेस कोलेमाइनेन त्यांच्या १८ मिनिटं पुढे होता.

एकोणिसावा नंबर! शाळेत आला असता तर घरी प्रगतिपुस्तक लपवलं असतं. पण आकडे दिसले की गणित करायची आम्हा संगणकवाल्यांची खोड. अँटवर्पची मॅरेथॉन आजच्यासारखी ४२.१९५ किलोमीटरची नव्हती, चांगली ४२.७५ किलोमीटरची होती. भागाकार केला तर किलोमीटरला चार मिनिटांच्या किंचित आत. तेही सलग जवळजवळ तीन तास. त्याच वेगाने आजचं अंतर २ तास ४८-४९ मिनिटांत झालं असतं. मुंबई मॅरेथॉनसाठी महागडे बूट घेऊन वर्षभर घाम गाळणाऱ्या मित्रांना विचारा, 'तीन तासांच्या आत' म्हणजे काय चीज असते ते. (मी एका किलोमीटरला सात मिनिटं घेतो, आणि नंतर चहा लागतो.)

मला राहून राहून एका गोष्टीचं वाटतं. त्या दिवशी पुण्यात कुणी हातात घड्याळच धरलं नसतं तर? अनवाणी पोरं धावून, टाळ्या घेऊन घरी गेली असती. वेळ मोजली गेली, म्हणून ती जगाच्या वेळेशी ताडून बघता आली. पुढे १९२७ मध्ये भारतीय ऑलिंपिक संघटना उभी राहिली आणि दोराबजीच तिचे पहिले अध्यक्ष झाले. त्या साखळीची एक कडी म्हणजे हे अनवाणी धावणारे.

दोराबजींचं नाव राहिलं, ते योग्यच. पण चौगुल्यांचं? आपल्या शंभर धावणाऱ्यांपैकी किती जणांना ठाऊक असेल?

असो. पुढच्या वेळी स्टेशनवर कुणा अप्पाला गाडीमागे पळताना पाहिलं, तर मी हसणार नाही. घड्याळ बघेन.