पेन्शन, पेशवे आणि बापूकाका

आमचे बापूकाका एका विद्यापीठात हेडक्लार्क होते. शेवटची दहाएक वर्षं निवृत्त होणाऱ्यांच्या पेन्शनच्या केसेस तयार करणं हेच त्यांचं काम. १९९६ च्या मे महिन्यात ते स्वतः निवृत्त झाले आणि त्यांची ग्रॅच्युइटी हातात पडायला सव्वादोन वर्षं लागली! कारण काय, तर सेवापुस्तकात १९७१ सालच्या एका वेतनवाढीपुढे सही नव्हती. सही करायची ते साहेब केव्हाच वारलेले. मधल्या काळात ताईचं लग्न झालं ते काकूच्या पाटल्या मोडून. घरच्या मंडळींना हे ठाऊक आहे, बाकीच्यांसाठी लिहितोय.

पेन्शन म्हटलं की मला आधी दुसरा बाजीराव आठवतो. १८१८ मध्ये राज्य गेलं, वर्षाला आठ लाख रुपये ठरले आणि स्वारी ब्रह्मावर्ताला जाऊन राहिली. १८५१ मध्ये बाजीराव वारले आणि कंपनीने ती रक्कम नानासाहेबांना द्यायचं नाकारलं. नानासाहेबांनी अजीमुल्ला खानाला थेट लंडनला पाठवलं, तोही रिकाम्या हाताने परतला. नेमणूक म्हणजे सरकारची मेहेरबानी, असा तो हिशेब. पुढे १८७१ च्या पेन्शन कायद्याने अशा दाव्यांना दिवाणी कोर्टाचे दरवाजेच बंद करून टाकले.

हा समज मोडायला शंभर वर्षं लागली. १९७१ मध्ये बिहारच्या शिक्षण खात्यातले एक अधिकारी, देवकीनंदन प्रसाद, सुप्रीम कोर्टात गेले आणि पेन्शन ही मालमत्ता आहे, सरकारच्या मर्जीवर अवलंबून नाही, असा निकाल मिळाला. मग १७ डिसेंबर १९८२ चा नकारा खटला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या घटनापीठाने तीच गोष्ट आणखी ठासून सांगितली. निवृत्त लोक १७ डिसेंबरला पेन्शनर दिन पाळतात तो यामुळेच.

पण हक्क आहे म्हणून पैसे वेळेवर येतात असं थोडंच आहे? त्यासाठी केरळचे पद्मनाभन नायर कोर्टात गेले. मे १९७३ मध्ये निवृत्त झालेल्या या गृहस्थांना पैसे मिळाले ऑगस्ट १९७५ मध्ये. शेवटच्या पगाराचा दाखला कुणी द्यायचा यातच गाडी अडलेली. (सव्वादोन वर्षंच. काकांचीच केस वाटते ना?) सुप्रीम कोर्टाने १९८४ मध्ये सांगितलं की निवृत्तीनंतर दोन महिन्यांपुढच्या दिरंगाईवर बाजारदराने व्याज द्या, आणि चूक करणाऱ्या अधिकाऱ्याकडून ते भरून घ्यायचं का याचाही सरकारने विचार करावा. नायरांच्या पदरात मात्र सहा टक्केच पडले. त्यांनी बारा मागितले होते, पण खालच्या कोर्टाने दिलेल्या सहाविरुद्ध हायकोर्टात हरकत घेतली नव्हती.

आपल्याकडच्या १९८२ च्या पेन्शन नियमांतही उशिराच्या ग्रॅच्युइटीवर व्याजाची सोय आहे, नियम १२९-अ. काकांना तो पाठ होता. दुसऱ्यांना ते नियमाचा क्रमांक घालून अर्ज लिहून देत. स्वतःसाठी मात्र लिहिला नाही. काकू भांडली, मीही वाद घातला. ते एवढंच म्हणाले, "व्याज मागितलं की उशीर कुणामुळे झाला ते विचारणार. मग त्या टेबलावरच्या पोराचं नाव जाणार. बावीस वर्षं एकत्र डबा खाल्लाय त्याच्या बापाबरोबर."

मला हे तेव्हाही पटलं नव्हतं, आजही पटत नाही. तो पोरगा महिन्याचा पगार घेत होता आणि काकूचे हात मोकळे होते.

चेक आला ऑगस्ट १९९८ मध्ये, व्याजाशिवाय. पुढे बरीच वर्षं रविवारी सकाळी विद्यापीठातली माणसं आमच्या ओट्यावर येत. निवृत्तीला दोन-तीन वर्षं राहिलेली, हातात आपलं दुय्यम सेवापुस्तक. काका चष्मा लावून पान न् पान बघत आणि जिथे सही नाही तिथे तांबड्या पेन्सिलीने बारीक फुली मारत. "साहेब आहेत तोवर ही सही घेऊन ठेवा," म्हणत आणि पुढचं पान उलटत.