पोथी कुणाच्या हातची? नव्या कराराची चिकित्सा आणि आपण

पोथीसमोर उभ्या राहिलेल्या माणसाला आपल्याकडे दोनच वाटा दाखवल्या जातात. एक हात जोडण्याची, दुसरी काडी लावण्याची. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला मनुस्मृतीचे दहन झाले आणि दुसरी वाट आपल्या इतिहासात कायमची नोंदली गेली. तिचा मला अभिमान आहे. परंतु ज्या बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली ती पोथी जळाली, त्याच बाबासाहेबांनी पुढची जवळजवळ तीस वर्षे पोथ्या वाचण्यात घालवली, हे आपण सोयीस्करपणे विसरतो. ही पोथी कोणी लिहिली? केव्हा लिहिली? कोणाच्या हितासाठी लिहिली? तिच्यात मागाहून काय घुसडले गेले? हे प्रश्न विचारणारी तिसरी वाट चिकित्सेची. गेल्या अडीचशे वर्षांत या वाटेने ज्या पोथ्यांची अत्यंत बारकाईने तपासणी झाली, त्यांत ख्रिस्ती नवा करार अग्रभागी आहे. त्या तपासणीची रीत काय आणि तिच्याशी आपला संबंध काय, एवढेच प्रस्तुत लेखात मांडायचे आहे.

मी वसई-विरार पट्ट्यातील एका महाविद्यालयात इतिहास शिकवतो. माझ्या घरातला मी पहिला पदवीधर. माझ्या वर्गात कुपारी, वाडवळ, कोळी, आदिवासी आणि बौद्ध मुले एका बाकावर बसतात. त्यांच्यातल्या कित्येकांच्या घरी बायबल आहे, कित्येकांच्या घरी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' आहे. बहुतेकांचा प्रश्न एकच असतो : "सर, हे खरे की खोटे?" इतिहासाच्या शिक्षकाला या प्रश्नाचे उत्तर 'हो' किंवा 'नाही' असे देता येत नाही. 'खरे' म्हणजे कोणत्या अर्थाने खरे, कोणाच्या साक्षीने खरे, हे आधी विचारावे लागते.

याचा धडा आमच्याच परिसरात आहे. नालासोपाऱ्याला 'बुरूड राजाचा कोट' म्हणून लोक ज्याला ओळखत होते, ते टेकाड १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी उकरले, तेव्हा आतून बौद्ध स्तूप आणि धातुकरंडक निघाला. त्याच वर्षी सोपाऱ्यात अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला. नवव्याचा तुकडा १९५६ साली भुईगावला मिळाला. या लेखाचे वैशिष्ट्य असे की तो राजाच्या हयातीत, त्याच्या हुकमाने दगडात कोरला गेला. मध्ये पिढ्यान्‌पिढ्यांचे नकलाकार नाहीत. तरीही सोपाऱ्याचा तुकडा अपुरा आहे, आणि गळालेली अक्षरे कोणती ते गिरनारसारख्या दुसऱ्या ठिकाणच्या लेखांशी ताडून ठरवावे लागते. दगडाची ही गत, तर माणसाच्या तोंडून निघालेल्या आणि दशकांनंतर कागदावर आलेल्या शब्दांची काय गत होत असेल?

नव्या कराराची अडचण नेमकी हीच आहे. येशू अरामी भाषा बोलत होता. शुभवर्तमाने ग्रीक भाषेत आहेत. त्याला क्रुसावर चढवले ते इ.स. ३० च्या सुमारास. मार्कचे शुभवर्तमान बहुतेक अभ्यासकांच्या मते इ.स. ७० च्या आसपासचे; मत्तय आणि लूक त्यानंतर दहा-वीस वर्षांनी; योहान शतकाच्या अखेरीस. म्हणजे मधली किमान चाळीस वर्षे बरेचसे सांगणे तोंडी होते. ज्यांनी सांगितले ते कोळी होते, मजूर होते, स्त्रिया होत्या. ज्यांनी लिहिले त्यांना ग्रीक लिहिता येत होते. सांगणारा एक आणि लिहिणारा दुसरा, या अंतरात जे घडते त्याचा शोध म्हणजे ही चिकित्सा.

तिच्या मुख्य पायऱ्या चार. पहिली पाठचिकित्सा. मूळ हस्तलिखित एकही उरलेले नाही. उरल्या त्या नकला. पाच हजारांहून अधिक ग्रीक हस्तलिखिते आज ज्ञात आहेत आणि त्यांत पाठभेद आहेत. पुष्कळसे भेद शुद्धलेखनाचे किंवा शब्दक्रमाचे. पण काही मोठे आहेत. चौथ्या शतकातल्या दोन महत्त्वाच्या प्रतींत मार्कच्या शेवटच्या अध्यायातील अखेरची बारा वचने नाहीत. व्यभिचाराचा आरोप ठेवून दगडांनी मारायला आणलेल्या स्त्रीची गोष्ट योहानाच्या जुन्या प्रतींत नाही.

दुसरी पायरी स्रोतचिकित्सा. मत्तय, मार्क आणि लूक शेजारी ठेवून वाचले की मार्कचा बहुतेक मजकूर मत्तयात आढळतो, कित्येकदा शब्दशः. म्हणून मार्क आधीचा आणि इतर दोघांनी तो समोर ठेवून लिहिले, असे बहुसंख्य विद्वान मानतात. तिसरी रूपचिकित्सा. पहिल्या महायुद्धानंतर डिबेलियस आणि बुल्टमान या जर्मन अभ्यासकांनी विचारले की लिहिण्यापूर्वी ही वचने लोकांच्या जीवनात कशी वावरत होती : प्रवचनात, भोजनाच्या वेळी, की वादाच्या प्रसंगी? चौथी संपादनचिकित्सा. प्रत्येक लेखकाने हाती आलेली सामग्री कशी निवडली, काय वाढवले, काय गाळले, आणि कोणत्या हेतूने, याचा ती विचार करते. आज मान्य असलेल्या सत्तावीस पुस्तकांची नेमकी यादी आपल्याला प्रथम दिसते ती इ.स. ३६७ मध्ये, अलेक्झांड्रियाचे बिशप अथनेसियस यांच्या पत्रात. बाहेर राहिलेल्यांपैकी काही पुस्तके १९४५ साली इजिप्तमध्ये नाग हम्मादी येथे मातीच्या रांजणात सापडली.

इथे कोणी म्हणेल, हा ख्रिस्ती पंडितांचा घरगुती प्रश्न. आपल्याला त्याचे काय? मी म्हणतो, आपल्यालाच त्याचे सर्वांत जास्त काही आहे. कारण या चिकित्सेतून गुलामाचा प्रश्न बाहेर येतो.

पौलाच्या नावावर तेरा पत्रे आहेत. त्यांतील सात त्याचीच, याबद्दल अभ्यासकांत जवळपास एकमत आहे. या सातांपैकी एक गलतीकरांस लिहिलेले पत्र, साधारण इ.स. ५० ते ५५ च्या काळातले. त्यात यहुदी आणि ग्रीक, दास आणि स्वतंत्र, पुरुष आणि स्त्री हे भेद ख्रिस्तात उरत नाहीत, असा आशय आहे. आता इफिसकरांस आणि तीमथ्याला लिहिलेली पत्रे पाहा. तिथे दासाने धन्याची आज्ञा पाळावी आणि स्त्रीने मुकाट राहावे, असा उपदेश आहे. पिढ्यान्‌पिढ्या ही वचने गुलामांना वाचून दाखवली गेली. आणि ही पत्रे पौलाची नव्हेत, त्याच्यामागून त्याच्या नावाने लिहिली गेली, असे बहुसंख्य चिकित्सक अभ्यासकांचे मत आहे.

याचा अर्थ काय? समतेचा उच्चार जुना, आज्ञापालनाचा उपदेश नंतरचा. चळवळ रोमन घराघरांत स्थिरावली, प्रतिष्ठितांना तिची भीती वाटू नये अशी गरज निर्माण झाली, आणि धनी-दासाची जुनी उतरंड नव्या धर्माच्या भाषेत परत आली. हे आपल्याला अनोळखी आहे काय? 'शूद्र पूर्वी कोण होते?' या १९४६ सालच्या ग्रंथात बाबासाहेबांनी पुरुषसूक्ताबद्दल हाच मुद्दा मांडला : चातुर्वर्ण्याला वेदाचा आधार देणारे हे सूक्त ऋग्वेदात मागाहून घातले गेले. प्रदेश वेगळा, भाषा वेगळी, पण लेखणी धरणाऱ्या हाताची खोड तीच.

मात्र चिकित्सा म्हणजे आपल्याला हवे ते निवडण्याचे यंत्र नव्हे. फिलेमोनाला लिहिलेले पत्र निःसंशय पौलाचे आहे आणि त्यात तो अनेसिम नावाच्या दासाला त्याच्या धन्याकडे परत पाठवतो. त्याला भावासारखा वागव, अशी विनंती तो करतो. पण गुलामगिरी नष्ट कर असे म्हणत नाही. उलट, मघाशी सांगितलेली त्या स्त्रीची गोष्ट मागाहून घातलेली असूनही विलक्षण माणुसकीची आहे. म्हणजे जुने ते सगळे मुक्तिदायी आणि नंतरचे ते सगळे भेसळीचे, असा सोपा हिशेब इथे चालत नाही. वचन कोणाचे हे इतिहास सांगेल. ते स्वीकारावे की नाही हे आपल्या विवेकाने ठरवावे लागेल.

हीच शिस्त आपल्या भागातल्या अभिमानाच्या गोष्टींनाही लावावी लागते. शलमोन राजाला सोने पुरवणारे बायबलातले ओफिर म्हणजेच आमचे सोपारा, असे मोठ्या हौसेने सांगितले जाते. नावाचे साम्य आहे. पण ओफिर अरबस्तानात किंवा आफ्रिकेत होते असे मानणारे अभ्यासकही आहेत. चौथ्या शतकातला इतिहासकार युसेबियस लिहितो की पँटेनस नावाचा पंडित 'इंडिया'त गेला आणि बार्थोलोमिव प्रेषिताने आणलेले मत्तयाचे हिब्रू लिपीतले शुभवर्तमान त्याला तिथे आढळले. ती जागा म्हणजे कल्याण, असे काहींचे म्हणणे. परंतु त्या काळी 'इंडिया' हा शब्द दक्षिण अरबस्तान आणि इथिओपियालाही लावत. याउलट सहाव्या शतकातला प्रवासी कॉस्मस 'कल्लियाना' येथे ख्रिस्ती लोक आणि बिशप असल्याचे नोंदवतो, आणि १३२१ साली जॉर्डनस हा धर्मोपदेशक सोपाऱ्याला आला होता, हे त्याच्याच पत्रांवरून कळते. पोर्तुगीजांना वसई मिळाली १५३४ साली. म्हणजे या किनाऱ्यावर ख्रिस्ती माणूस त्यांच्या आधीपासून होता, एवढे पुराव्याने म्हणता येते. त्यापुढे दंतकथा सुरू होते.

ही चिकित्सा सुखासुखी रुजलेली नाही. १८३५ साली डाविड श्ट्राउस याने येशूचरित्राची चिकित्सा प्रसिद्ध केली आणि त्याला अध्यापनाच्या जागेला मुकावे लागले. कॅथलिक चर्चने चिकित्सक पद्धतीला मोकळी वाट दिली ती १९४३ साली, पोप पायस बारावे यांच्या परिपत्रकाने. आपल्या महाराष्ट्रात पुण्याच्या ज्ञानदीप विद्यापीठात नवा करार शिकवणारे फादर जॉर्ज सोआरेस-प्रभू (१९२९–१९९५) या पद्धतीत पारंगत होते. पण त्यांनीच तिच्यावर आक्षेप घेतला : केवळ शब्दांचा कीस काढणारी ही विद्वत्ता भारतातल्या गरिबाच्या काय कामाची? १९९२ साली त्यांनी येशूच्या सहभोजनाचा दलित ख्रिस्ती माणसाच्या संदर्भात अर्थ लावणारा निबंध लिहिला. जकातदार आणि पापी ठरवलेल्यांच्या पंगतीला येशू बसला, ही परंपरा शुभवर्तमानांत भक्कम आहे. जिथे पंगतीवरून जात ठरते त्या देशात या एका कृतीचा अर्थ काय होतो, हे जर्मनीतल्या ग्रंथालयात बसून कळणार नाही. चर्चमध्येही जात शिरली, ही बाबासाहेबांची टीका ज्यांनी वाचली आहे त्यांना या निबंधाचे मोल सांगायला नको.

पोथी लोकांच्या भाषेत येणे हाही चिकित्सेचाच भाग. पंडिता रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीक शिकून खेड्यातल्या बाईला समजेल अशा मराठीत बायबल उतरवले. १९२२ साली त्या गेल्या. संपूर्ण बायबल १९२४ साली केडगावच्या मुक्ती मिशनच्या छापखान्यातून बाहेर पडले. आमच्या वसई तालुक्यातल्या नंदाखालचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो (१९४२–२०२४) यांच्या 'सुबोध बायबल'ला २०१३ सालचा साहित्य अकादमीचा अनुवाद पुरस्कार मिळाला. ज्या वाचकाला पोथी स्वतः वाचता येते, त्याला तिच्याविषयी प्रश्नही विचारता येतात.

आता स्वतःकडे वळू. १९५० साली महाबोधी सोसायटीच्या नियतकालिकात लिहिताना बाबासाहेबांनी बौद्धांसाठी बायबलासारख्या एका ग्रंथाची गरज सांगितली. तो ग्रंथ त्यांनी स्वतः लिहिला आणि त्यांच्या महापरिनिर्वाणानंतर १९५७ साली तो प्रसिद्ध झाला. त्यात त्यांनी काय केले? वृद्ध, रोगी आणि प्रेत पाहून सिद्धार्थाने गृहत्याग केला ही परंपरागत कथा त्यांनी बुद्धीला पटत नाही म्हणून नाकारली आणि रोहिणी नदीच्या पाण्याचा तंटा पुढे आणला. भाणकांच्या तोंडी परंपरेत बुद्धवचनाचा विपर्यास कसा होतो, हे सांगून त्यांनी कसोट्या दिल्या : जे बुद्धिसंगत आणि तर्कसंगत नाही, जे माणसाच्या कल्याणाशी संबंधित नाही, ते बुद्धाचे मानू नये. बायबलच्या चिकित्सकांहून त्यांची भूमिका एका बाबतीत वेगळी आहे : त्यांनी काळाइतकेच मूल्यालाही कसोटी मानले. इतिहासाचा विद्यार्थी म्हणून या दोन कसोट्या मी वेगवेगळ्या ठेवतो. पण पोथीपेक्षा माणूस मोठा, हे दोन्हींचे सार आहे.

आणि म्हणूनच एक अस्वस्थ करणारी गोष्ट इथे मांडतो. येशूनंतर चाळीस वर्षांनी मार्कने लिहिले. नागपूरच्या १९५६ च्या दीक्षेला आता सत्तर वर्षे होत आली. तो सोहळा डोळ्यांनी पाहिलेली माणसे आता कमी होत चालली आहेत. बाबासाहेबांच्या नावावर आज भिंतींवर आणि भ्रमणध्वनींवर जी वचने फिरतात, त्यांतली किती त्यांची आहेत? कोणत्या भाषणातली, कोणत्या तारखेची? आपल्या चळवळीच्या तीमथ्याला लिहिलेली पत्रे आज कोणी तरी लिहीतच असेल. आज्ञा पाळा, शांत राहा, आभार माना, अशी वचने उद्या त्यांच्या नावावर चढली तर ती ओळखण्याचे साधन आपल्यापाशी आहे काय?

हे साधन प्रत्येक महाविद्यालयात तयार करता येईल. विद्यार्थ्यांनी आपल्या वस्तीतल्या वृद्धांना भेटावे, आधी बायांना. जलशातली गाणी, ओव्या, सत्याग्रहाच्या आणि दीक्षेच्या आठवणी त्यांच्याच बोलीत उतरवून घ्याव्यात. सांगणाऱ्याचे नाव, गाव, तारीख लिहावी. एकाच गोष्टीची दोन रूपे मिळाली तर दोन्ही ठेवावीत. त्यांतले एक सुधारून दुसरे फेकू नये. बाबासाहेबांचे वचन छापताना ते कोठले, हे खाली नमूद करावे. ठावठिकाणा नसेल तर छापू नये. आपल्या घरांत लेखणी आता आली आहे. सांगणारा आणि लिहिणारा यांच्यातले अंतर निदान आपल्या बाबतीत तरी आज कमी करता येते. ते काम या वर्षीच सुरू झाले पाहिजे.