टिंबक्टूचे ग्रंथरक्षण

ग्रंथालयाच्या शताब्दीप्रसंगी संग्रह कसा वाढला, याचा आढावा आपण घेतो. संकटकाळी तो टिकतो कसा, हा प्रश्नही तितकाच महत्त्वाचा आहे. पश्चिम आफ्रिकेतील माली देशातल्या टिंबक्टू नगराचा अलीकडील इतिहास या दृष्टीने अभ्यसनीय आहे.

सहाराच्या सीमेवरील हे नगर पंधराव्या-सोळाव्या शतकांत विद्येचे मोठे केंद्र होते. धर्मशास्त्र, व्याकरण, ज्योतिष, वैद्यक इत्यादी विषयांवरील, मुख्यतः अरबी भाषेतील हस्तलिखिते तेथील घराण्यांनी पिढ्यान्‌पिढ्या जपली. १९८८ साली युनेस्कोने या नगराचा जागतिक वारसास्थळांत समावेश केला.

२०१२ साली सशस्त्र गटांनी टिंबक्टूचा ताबा घेतला. युद्धकाळात सांस्कृतिक वारशाला अभय देणारा १९५४ चा हेग करार अस्तित्वात होता. तथापि करारच न मानणाऱ्यांच्या हातातील कुदळी त्यामुळे थांबल्या नाहीत. मुस्लिम संतांच्या प्राचीन समाधिवास्तू जमीनदोस्त झाल्या.

वास्तू हलविणे अशक्य होते. ग्रंथ हलविता येत होते. अब्देल कादेर हैदरा यांनी १९८४ पासून गावोगाव फिरून अहमद बाबा संस्थेसाठी हस्तलिखिते मिळविली होती. त्या काळात घराघरांशी जोडलेला विश्वास आता उपयोगी पडला. सहकाऱ्यांच्या साहाय्याने त्यांनी हस्तलिखिते पत्र्याच्या ट्रंकांत भरून प्रथम नगरातील घरांत लपविली आणि पुढे मोटारींनी व नायजर नदीतील होड्यांनी राजधानी बामाकोस पोचविली. त्यांची संख्या साडेतीन लाखांच्या घरात सांगितली जाते. जानेवारी २०१३ मध्ये माघार घेताना त्या गटांनी अहमद बाबा संस्थेत आग लावली. सुमारे ४,००० हस्तलिखिते नष्ट झाली. बहुतांश ठेवा मात्र वाचला.

समाधिवास्तू स्थानिक गवंड्यांनी २०१५ पर्यंत पुन्हा उभारल्या. २०१६ साली हेग येथील आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाने या विध्वंसाबद्दल अहमद अल महदी यास नऊ वर्षांची शिक्षा दिली. केवळ सांस्कृतिक वारशाच्या नाशाबद्दल त्या न्यायालयाने दोषी ठरविलेला तो पहिला आरोपी होय.

हा न्याय विध्वंसानंतर झाला. भिंत पुन्हा बांधता येते. परंतु एकमेव प्रत जळाली, की तो ग्रंथ कायमचा संपतो. म्हणूनच दुर्मिळ ग्रंथांची अचूक यादी करणे, त्यांची दुसरी प्रत अन्यत्र ठेवणे आणि ग्रंथांविषयी आस्था असणारी माणसे जोडणे, ही कामे शांततेच्या काळातच व्हावयास हवीत. दुसऱ्या शतकात पदार्पण करणाऱ्या ग्रंथालयाने टिंबक्टूकडून एवढे अवश्य घ्यावे.