इंग्रजीची स्वस्त आणि सरळ वाट

१९१९ साली सांगलीत विलिंग्डन कॉलेज निघाले आणि त्याच साली कर्मवीर भाऊराव पाटलांनी काले येथे रयत शिक्षण संस्था स्थापिली. १९२४ च्या त्यांच्या साताऱ्यातील वसतिगृहात सर्व जातिधर्मांची मुले एकत्र राहिली. १९४७ च्या शिवाजी कॉलेजात गरीब विद्यार्थी श्रम करून शिकले. पैसा नव्हता, पण मार्ग सरळ होता. आज इंग्रजीचे महागडे सॉफ्टवेअर परवडत नाही म्हणून चोरीची प्रत घेणे १९५७ च्या कॉपीराइट कायद्यान्वये गुन्हा ठरतो. तिची गरजही नाही. डुओलिंगोचे मूळ पाठ मोफत आहेत, हिंदीतूनही इंग्रजी शिकता येते. शब्द पाठ करण्यास अँकी संगणकावर विनामूल्य मिळते. पालकांनो, मोबाइल द्याल तेव्हा रोज अर्धा तास शेजारी बसा. मेहनत मात्र मुलांनाच करावी लागेल.