गिरणगांवची उधारी

चंद्रपूरकडे कोळशाच्या खाणी असल्यामुळें मजुरांची वस्ती आम्हांस अपरिचित नाहीं. परंतु शहरांतील मजूरवस्तीचें सर्वांत मोठें उदाहरण पाहावयाचें, तर दुसऱ्या महायुद्धापूर्वींच्या मुंबईच्या गिरणगांवाकडे, म्हणजे परळ, लालबाग, वरळी, नायगांव या भागांकडे वळलें पाहिजे.

1854 सालीं कावसजी दावर यांनीं ताडदेव येथें पहिल्या कापडगिरणीचा उपक्रम केला. पुढें रत्नागिरी, सातारा, कोल्हापूरकडील माणसें गिरण्यांत आलीं. बायकामुलें बहुधा गांवींच राहिलीं. एकाच गांवचे अनेक गडी मिळून एक खोली भाड्यानें घेत. 1920 नंतर सरकारनें बांधलेल्या बी. डी. डी. चाळींतील खोलीही सुमारें 160 चौरस फुटांचीच, आणि एका चाळींत अशा 80 खोल्या. खोलींत ट्रंका व वळकट्या राहत. निजणें गॅलरींत किंवा रस्त्यावर, आणि जेवण एखाद्या बाईच्या खानावळींत.

या संसाराचा पाया उधारी हा होता. त्याचें कारण पगाराच्या पद्धतींत सांपडतें. महिन्याचा पगार पुढील महिन्याच्या 10 ते 15 तारखेच्या सुमारास हातीं पडे. म्हणजे नव्या कामगाराचा पहिला दीड महिना बिनपैशाचाच! तोंपर्यंत त्यास खानावळवाली आणि वाणी पोसत. जामीन म्हणून गांववाल्याचा शब्द पुरे. याहून अधिक नड पडली कीं पठाण सावकार उभाच. रुपयास दरमहा एक आणा, हा त्याचा नेहमींचा दर. म्हणजे वर्षास शेकडा 75 व्याज!

1928 च्या एप्रिलांत मजुरी व वाढत्या कामाच्या प्रश्नावर संप झाला. सुमारें दीड लाख कामगार ऑक्टोबरपर्यंत कामाबाहेर होते. कित्येक गांवीं परतले. जे राहिले, त्यांच्या ताटांत भाकरी पडली ती पुष्कळशी उधारीवरच. ज्या उधारीनें कामगार एरव्हीं जखडला जाई, तिनेंच त्यास लढ्यांत उभें ठेविलें, हें ध्यानांत घेण्यासारखें आहे. पुढें 1936 च्या कायद्यानें हजार वा अधिक कामगारांच्या कारखान्यांस दहा दिवसांच्या आंत पगार देणें भाग पडलें.

1982 च्या संपानंतर गिरण्या एकामागून एक बंद पडल्या आणि त्यांच्या जागीं उंच इमारती उठल्या. त्या काळाचा इतिहास वाचतांना पुढाऱ्यांच्या भाषणांबरोबर वाण्याची वहीही आठवावी.