कॅमेरा हाती, पडदा दूर

कॅमेरा हलका आणि स्वस्त झाला म्हणून माहितीपटकार स्वतंत्र झाला, असे सर्रास म्हटले जाते. आनंद पटवर्धन यांची सत्तरच्या दशकात सुरू झालेली कारकीर्द पाहिली की हे म्हणणे अपुरे वाटते. दिग्दर्शनाबरोबर बहुतेकदा छायाचित्रण आणि संकलनही स्वतःच करणाऱ्या या मुंबईकराचा खरा झगडा चित्रीकरणापेक्षा प्रदर्शनाशी झाला. त्याला कारण आहे. १९४८ मध्ये सरकारचे फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाले आणि मुख्य चित्रपटाआधी सरकारी माहितीपट दाखवणे चित्रपटगृहांना सक्तीचे ठरले. माहितीपटासाठी राखलेला पडदा असा सरकारच्या हाती गेला. सरकारबाहेरच्या माणसाला तो उरलाच नाही.

बिहार आंदोलनावरचा ‘क्रांती की तरंगें’ पाहा. त्याचे बरेच चित्रण साध्या सुपर-८ कॅमेऱ्यावर झाले. ती दृश्ये पडद्यावर टाकून १६ मिमी कॅमेऱ्याने पुन्हा टिपली गेली. साधनांची अडचण अशी जुगाड करून सुटली. पण आणीबाणी आली आणि त्या फिल्मचे तुकडे करून ते गुपचूप परदेशी पाठवावे लागले. पुढे आणीबाणी उठली, तरी प्रश्न सुटला नाही. ‘राम के नाम’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण तो दूरदर्शनवर दिसण्यासाठी न्यायालयात जावे लागले. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ १९९५ चा. त्याच्या प्रक्षेपणाचा वाद सर्वोच्च न्यायालयात निकाली निघायला २००६ उजाडले. सुटी दृश्ये न पाहता चित्रपटाचा एकूण परिणाम पाहावा, ही भूमिका न्यायालयाने घेतली. ‘जंग और अमन’मध्ये सेन्सॉर मंडळाने सुचवलेली काटछाट मुंबई उच्च न्यायालयाने २००३ मध्ये फेटाळली.

सरकारवर टीका करणाऱ्याने सरकारी वाहिनीचाच हट्ट का धरावा, असा आक्षेप घेता येईल. पण दूरदर्शन चालते जनतेच्या पैशावर. ती सत्ताधाऱ्यांची खासगी मालमत्ता नव्हे. शिवाय एका हाताने पुरस्कार द्यायचा आणि दुसऱ्या हाताने प्रक्षेपण अडवायचे, यातली विसंगती माहितीपटकाराची नाही. दुसरा आक्षेप असा की डिजिटल युगात हा प्रश्नच उरला नाही. मात्र डिजिटल कॅमेरे रुळल्यानंतरच, २००४ मध्ये, मुंबईच्या सरकारी माहितीपट महोत्सवातील निवडीविरुद्ध माहितीपटकारांना ‘विकल्प’ हा समांतर महोत्सव भरवावा लागला. कॅमेऱ्याने चित्रपट बनवण्याची सोय केली. दाखवण्याचा हक्क कोर्टकचेरी आणि संघटना यांच्या बळावरच मिळाला. म्हणून स्वतंत्र माहितीपटाचा इतिहास लिहिताना कॅमेऱ्यांच्या यादीआधी खटल्यांची यादी मांडावी लागेल.