भूपाळीचा प्रहर

मराठीच्या अभ्यासकाला बारामती म्हटले की मोरोपंत (१७२९–१७९४) आठवतात आणि त्यांच्यामागोमाग आर्येचे पांडित्य. त्याच तालुक्यातील माळेगाव बुद्रुकसारख्या गावात कोजागरीपासून कार्तिकी पौर्णिमेपर्यंत पहाटे जो काकडा चालतो, त्याचा आर्येशी फारसा संबंध नाही. तेथे अभंगांच्या जोडीने भूपाळी येते. वाङ्मयेतिहासाने या रचनाप्रकाराची बोळवण बहुधा 'देवाला जागविण्याचे गीत' एवढ्या व्याख्येवर केली आहे. त्याच्या नावातच दडलेला कालविषयक पेच मात्र दुर्लक्षित राहिला.

पेच असा की, आजच्या हिंदुस्थानी पद्धतीत भूप हा रात्रीच्या पहिल्या प्रहराचा राग मानला जातो. भूपाळी गायची ती पहाटे. दिवेलागणीनंतरच्या रागाचे नाव उषःकालाच्या गीताला कसे मिळाले?

राग आणि काळ यांची सांगड घालण्याची परंपरा जुनी आहे. देवगिरीच्या यादव राजा सिंघणाच्या आश्रयाने तेराव्या शतकात 'संगीतरत्नाकर' रचणाऱ्या शार्ङ्गदेवाने ग्रामरागांना ऋतू, प्रहर, देवता आणि रस नेमून दिले. नारदाच्या नावावर असलेल्या 'संगीतमकरंदा'त रागांची सूर्यांश आणि चंद्रांश अशी विभागणी आढळते. अवेळी गायनाने अनिष्ट ओढवते, अशी धारणाही तेथे आहे. म्हणजे शास्त्राच्या दृष्टीने राग हा काळाचा आज्ञाधारक. आख्यायिका नेमके याच्या उलट बोलते. विल्यम औसली यांनी १७९७ साली इंग्रजीत नोंदविलेल्या एका कथेनुसार तानसेनाने अकबराच्या दरबारी भर दुपारी रात्रीचा राग आळवला, आणि त्याचा आवाज जेथवर पोहोचत होता तेथवर काळोख पसरला. या कथेतील मर्म चमत्कारात नसून मर्यादेत आहे. रात्र साऱ्या जगावर होत नाही. ती ऐकू येण्याच्या वर्तुळापुरतीच होते. रागाचा काळावरील अधिकार श्रवणाच्या कक्षेत बसवणारी ही कल्पना कोणत्याही सौंदर्यशास्त्राने आपली म्हणावी अशी आहे.

विष्णु नारायण भातखंडे (१८६०–१९३६) यांनी हा सारा प्रश्न चमत्काराच्या प्रांतातून उचलून स्वररचनेच्या प्रांतात आणला. मराठीत लिहिलेल्या त्यांच्या 'हिंदुस्थानी संगीत पद्धति'चे चार भाग १९१० ते १९३२ या काळात प्रसिद्ध झाले. हा ग्रंथ गुरुशिष्यसंवादाच्या रूपात आहे, आणि मराठी वैचारिक गद्याच्या इतिहासात त्याची उपेक्षा व्हावी ही खेदाची गोष्ट आहे. शंका, प्रतिशंका आणि निवाडा यांची इतकी सलग वीण त्या काळच्या मराठी गद्यात विरळाच. भातखंड्यांच्या व्यवस्थेत वादी स्वर पूर्वांगात असेल तर राग दुपारी बारापासून मध्यरात्रीपर्यंतचा, उत्तरांगात असेल तर मध्यरात्रीपासून पुढच्या मध्यान्हापर्यंतचा. कोमल ऋषभाचे संधिप्रकाश राग सूर्योदय-सूर्यास्ताच्या सीमेवर येतात, आणि मध्यम शुद्ध की तीव्र यावरून प्रहराची दिशा कळते. म्हणून त्याला अध्वदर्शक म्हटले गेले.

या नियमाची सर्वांत चोख कसोटी भूपातच लागते. भूप आणि देशकार या दोन्ही रागांत सा, रे, ग, प, ध हे पाचच शुद्ध स्वर आहेत. भूपात गंधार वादी आणि धैवत संवादी. देशकारात धैवत वादी, गंधार संवादी. भार गंधारावरून धैवताकडे सरकला की संध्याकाळची सकाळ होते. स्वरसंच तोच, काळ निराळा: अर्थ घटकांत नसून घटकांच्या परस्परसंबंधांत असतो, हे सांगण्यासाठी संरचनावाद्यांना याहून नेटके उदाहरण मिळाले नसते.

तेव्हा भूपाळीचा पेच सुटतो तो दोन वाटांनी. पहिली, पहाटेच्या भूपाळ्यांच्या चाली पुष्कळदा देशकाराच्या अंगाने जातात. दुसरी वाट अधिक अर्थपूर्ण आहे. कर्नाटक संगीतातील भूपालम् हा आजही पहाटेचाच राग आहे, आणि त्याचे ऋषभ, गंधार, धैवत कोमल आहेत. उत्तरेकडील भूपाल तोडीचे स्वरही तेच, आणि वेळही सकाळचीच. नाव धारण करणारा राग उत्तरेत पालटला, पण महाराष्ट्रातील गीतप्रकाराने नावासोबतचा जुना प्रहर जपून ठेवला, असे अनुमान करण्यास जागा आहे. शास्त्र विसरले ते संप्रदायाने राखले.

वाङ्मयीन दृष्टीने भूपाळीचे वैशिष्ट्य तिच्या क्रियापदात आहे. ती आज्ञार्थी असते. ओवी किंवा आर्या पहाटेचे वर्णन करू शकते. भूपाळी पहाटेची मागणी करते. जागे व्हायचे आहे ते देवाने, पण जागा होतो तो गाव. रामदासांपासून पेशवाईतील होनाजी-बाळापर्यंत ही संबोधनाची रीत टिकली आहे. लावणीकार म्हणून गाजलेल्या होनाजीच्या भूपाळीला व्ही. शांताराम यांच्या 'अमर भूपाळी' (१९५१) या चित्रपटाने नवे आयुष्य दिले. वसंत देसाई यांनी बांधलेली ती चाल भूप-देशकाराच्या परिसरातलीच आहे. ध्वनिमुद्रिकेमुळे ती कोणत्याही प्रहरी वाजू लागली. तरी ऐकणाऱ्याच्या मनात पहाटच होते.

रागांच्या प्रहरांवर अलीकडचा मोठा आघात शास्त्राने केला नाही, तो कायद्याने केला. १९५३ साली सुरू झालेला पुण्याचा सवाई गंधर्व महोत्सव पूर्वी रात्रभर चाले. मध्यरात्रीनंतरचा दरबारी, मालकंस आणि अखेर भैरवी हा क्रम श्रोत्यांना घड्याळाविना कळे. ध्वनिप्रदूषणविषयक नियम २००० साली आले आणि रात्री दहानंतर ध्वनिक्षेपकावर निर्बंध लागले. मैफली दुपार-संध्याकाळकडे सरकल्या, आणि उत्तररात्रीचे राग एकतर अवेळी गायले जाऊ लागले, किंवा मागे पडले. याच नियमांत पहाटे सहापर्यंतचा काळही रात्रच ठरतो. काकडा त्या वेळेच्या आतला. मात्र त्याला ध्वनिक्षेपक मुळात लागत नाही. टाळ-मृदंगाचा आवाज जेथवर जातो तेथवर पहाट होते.